१५ लाखांचं घर ३१ लाखांना: गृहकर्जाचा पुरा हिशेब कोणी मांडून पाहिला आहे का?

शाळा_दारव्हा (धागा सुरू करणारा)
नमस्कार मंडळी. मी यवतमाळ जिल्ह्यात दारव्हा तालुक्यात जिल्हा परिषद शाळेवर शिक्षक आहे. धाकटा भाऊ गावातच घर बांधायचं म्हणतो. तो जिनिंगमध्ये वजनकाट्यावर असतो, त्याची बायको उपकेंद्रात नर्स आहे, आणि घरची सहा एकर कापूस-तूर. परवा तो बँकेचा कागद घेऊन आला: १५ लाख, २० वर्षं, ८.५ टक्के, हप्ता १३,०१७. घरात आनंद, कारण हप्ता बसतो.

मी त्याच कागदाच्या मागे १३,०१७ ला २४० नं गुणलं. ३१ लाख २४ हजार झाले. आई शेजारी तूर निवडत बसली होती. ती म्हणाली, "मग हे दुसऱ्या घराचे पैसे कोणाला चालले?" माझ्याजवळ उत्तर नव्हतं, म्हणून हा धागा.

माझा स्वतःचा अनुभव सांगतो, कारण भावानं तो परत भोगू नये. जानेवारी २०२१ मध्ये मी १५ लाख घेतले, ७ टक्क्यांनी, २० वर्षांसाठी. हप्ता ११,६२९. तेव्हा रेपो दर (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दरानं पैसे देते तो) ४ टक्के होता आणि माझं कर्ज रेपोला जोडलेलं. मे २०२२ पासून रेपो चढत गेला, फेब्रुवारी २०२३ ला ६.५० झाला, माझा दर ९.५ झाला. हप्ता मात्र बराच काळ तेवढाच कापला जात होता, म्हणून मी निश्चिंत. दिवाळीच्या सुट्टीत उतारा काढला तेव्हा कळलं, की ११,६२९ मधले जवळपास ११,३०० नुसते व्याजात जात होते. मुद्दल महिन्याला तीन-साडेतीनशे रुपयांनी उतरत होतं. पुढे बँकेनं हप्ता १२,४५० च्या आसपास नेला आणि मुदत थेट माझ्या निवृत्तीच्या महिन्यापर्यंत ताणली. १८ वर्षं उरली होती, त्याची २५ झाली. मेसेज आला होता. मी वाचला नव्हता.

मुदत १८ वर्षंच ठेवली असती तर हप्ता १३,८०० च्या आसपास बसला असता, म्हणजे महिन्याला साडेतेराशे जास्त. ते वाचवायला मी एकूण साडेसात लाख जास्त भरणार होतो. त्या रात्री मला झोप लागली नाही.

हिशेबनीस_अकोला
सर, मी बँकेत ३१ वर्षं काढली, त्यातली बरीच कर्ज विभागात. तुमच्या आईचा प्रश्न मला काउंटरवर एकाही कर्जदारानं विचारला नव्हता. सगळे दर विचारतात, हप्ता विचारतात. एकूण किती जाणार हे विचारणारा विरळा.

भावाचंच कर्ज घ्या. पहिल्या महिन्याचं व्याज १५ लाखांवर १०,६२५ रुपये. हप्ता १३,०१७. म्हणजे मुद्दलात गेले २,३९२. पुढच्या महिन्याचं व्याज उरलेल्या मुद्दलावर, म्हणून ते सोळा-सतरा रुपयांनी कमी. ही चाल इतकी हळू असते की ५ वर्षांत ७ लाख ८१ हजार भरून झाल्यावरही बाकी १३ लाख २२ हजार दिसते. १० वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, साडेदहा लाख बाकी. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा होतो तो बाराव्या वर्षाच्या शेवटी. तोवर तुम्ही मुख्यतः व्याजच भरत असता. यात फसवणूक नाही, हे साधं गणित आहे. पण ते कर्ज घेणाऱ्याला कागदावर दाखवायला हवं, आणि आम्ही ते दाखवत नव्हतो हे मी आज मान्य करतो.

आता हेच कर्ज १५ वर्षांत बसवा. हप्ता १४,७७१. महिन्याला १,७५४ जास्त. एकूण भरणा २६ लाख ५९ हजार. म्हणजे ४ लाख ६५ हजार वाचले. दरात पाव टक्का कमी करून घ्यायला लोक चार शाखा फिरतात, आणि मुदतीच्या रकान्यात एजंट सांगेल तो आकडा लिहून मोकळे होतात. माझ्या मते घर महाग होतं ते या रकान्यात.

शाळा_दारव्हा
काका, हे वाचून भावाला फोन लावला. तो म्हणतो १४,७७१ कापूस नसलेल्या महिन्यांत जड जाईल. त्याचंही खरं आहे.

वरूडचा_कास्तकार
सर, तुमचं वाचून मी माह्या पतसंस्थेचं पासबुक काढलं. २०२२ मंदी मले घराले दोन खोल्या वाढवाच्या होत्या. ३ लाख घेतले, ५ वर्षांसाठी. मॅनेजर म्हणे ८ टक्के व्याज, महिन्याले ७ हजार. बँकेपेक्षा कमी हाये म्हणून मी सही केली. आता काका सांगतीन का, हे ८ टक्के खरंच ८ टक्के हायेत का? कारण मी निम्म्याहून जास्त भरलं तरी व्याज पहिल्याइतकंच लावून राह्यले.

दुसरं असं का आमच्या हातात पैसा महिन्याले येत नाई. आंबिया बहाराचा संत्रा दिवाळीच्या आगंमागं जाते, मृगाचा फेब्रुवारी-मार्चात. मधातले महिने कोरडे. आमच्यासाठी काही रस्ता हाये का?

हिशेबनीस_अकोला
भाऊ, तुमचं व्याज फ्लॅट आहे. ३ लाखांवर ८ टक्के म्हणजे वर्षाला २४ हजार, पाच वर्षांचे १ लाख २० हजार, ते मुद्दलात मिळवले आणि ६० नं भागले. आले ७ हजार. तुम्ही दोन लाख मुद्दल फेडलं तरी व्याज पहिल्या दिवसाच्या ३ लाखांवरच धरलेलं. बँकेच्या घटत्या शिल्लकीच्या पद्धतीनं तोलाल तर हा दर १४ टक्क्यांच्या जरा वरच जातो. कोणीही टक्का सांगितला की पहिला प्रश्न हाच विचारा: फ्लॅट, की घटत्या शिल्लकीवर?

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर भावाच्याही कामाचं आहे. हप्ता २० वर्षांचा घ्या, म्हणजे कोरड्या महिन्यांत गळा आवळला जात नाही. मात्र माल विकला की दरवर्षी एकदा मुद्दलात जादा भरा. वैयक्तिक नावावरच्या, बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व भरण्याचा दंड बँकेला घेता येत नाही. रिझर्व्ह बँकेनं २०१२ मध्येच तो बंद केला. १५ लाखांच्या कर्जावर दर फेब्रुवारीत २५ हजार भरत गेलात तर २० वर्षांचं कर्ज १४ वर्षं ८ महिन्यांत संपतं. जादा भरले साडेतीन लाख, आणि ते धरूनही एकूण भरणा ४ लाख ९५ हजारांनी कमी.

यात घाई कामाची, ती पहिल्या वर्षांत. कर्जाला एक वर्ष झाल्यावर एकदाच १ लाख भरले तर शेवटचे ३४ हप्ते गळून पडतात. तेच १ लाख बारा वर्षांनी भरले तर १४. लोक उलटं करतात. पहिली वर्षं टीव्ही, गाडी, लग्न, आणि पन्नाशीनंतर कर्जाची आठवण.

वरूडचा_कास्तकार
३४ हप्ते म्हणजे जवळपास तीन वर्षं! हे आमाले कोणी सांगतलंच नाई.

लेक_पुसदची
माझाही अनुभव लिहिते. घर नवऱ्याच्या आणि माझ्या नावावर आहे. मंजुरीच्या दिवशी शाखेत सांगितलं की कर्जाला विमा लागतोच, ६० हजारांचा एकरकमी हप्ता, "काळजी नको, तुमच्या खिशातून नाही, कर्जातच धरू." आम्ही सही केली. आत्ता काकांच्या पद्धतीनं मांडलं: ८.५ टक्क्यांनी २० वर्षांत त्या ६० हजारांचे १ लाख २५ हजार होतात. शिवाय तो विमा घटता, म्हणजे कर्ज उतरेल तसं संरक्षणही उतरतं.

कर्जाला विमा असावा हे मी मनापासून सांगते. आमच्या गल्लीत कमावता माणूस गेला आणि घर विकावं लागलं, ते मी जवळून पाहिलं आहे. पण तो बँकेनं दिलेलाच घ्यावा अशी सक्ती नसते. साधा टर्म विमा (मुदतीत माणूस गेला तरच रक्कम देणारा) वेगळा काढला तर दरवर्षी भरता येतो आणि त्यावर कर्जाचं व्याज चढत नाही. पॉलिसी हातात आल्यावर ३० दिवसांत परत करता येते हेही आम्हाला नंतर कळलं.

प्रोसेसिंग फी, त्यावर १८ टक्के जीएसटी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, मूल्यांकन, गहाणखताची स्टॅम्प ड्युटी, नोटीस ऑफ इंटिमेशन (गहाणाची निबंधक कार्यालयात नोंद) हेही धरा. आमचे हे सगळे पैसे माझ्या सोन्याच्या पाटल्या ठेवून आणले होते. तेही कर्जच झालं ना, फक्त कागदावर दिसत नाही.

हिशेबनीस_अकोला
ताई, तुम्ही म्हणता ते सगळं आता एका कागदावर मागता येतं. १ ऑक्टोबर २०२४ पासून बँका आणि वित्तसंस्थांना रिटेल कर्ज (म्हणजे गृहकर्जासारखं वैयक्तिक ग्राहकाचं कर्ज) देताना की फॅक्ट स्टेटमेंट द्यावंच लागतं. त्यात वार्षिक टक्केवारी दर असतो, म्हणजे फी, विमा वगैरे धरून कर्ज खरंच किती टक्क्यांनी पडतं तो आकडा. ८.५ चं कर्ज तिथे ८.५ नसतं. सर, भावाला सहीच्या आधी हा कागद घरी आणायला सांगा आणि आईसमोर वाचा.

चंद्रपूर_शिफ्ट
थोडं विरुद्ध बोलतो, राग नको. मी औष्णिक केंद्रात नोकरीला आहे. ३१ लाख, ३१ लाख म्हणून घाबरवणं अर्धवट वाटतं. महागाई ५ टक्के धरली तर आजचे १३,०१७ वीस वर्षांनी आजच्या ४,९०० रुपयांइतके उरतात. पगार वाढतो, हप्ता तोच राहतो. जादा पैसे कर्जात घालण्यापेक्षा म्युच्युअल फंडात एसआयपी (दरमहा ठरावीक गुंतवणूक) केली तर दीर्घ मुदतीत ८.५ पेक्षा जास्त मिळण्याची शक्यता आहे. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर २ लाखांपर्यंत वजावटही मिळते. शिवाय २० वर्षांचं भाडंही वाचतं, ते कोणी मोजलं नाही.

शाळा_दारव्हा
दादा, राग अजिबात नाही, हा मुद्दा यायलाच हवा होता. पगारदाराच्या बाबतीत तुमचं बरंचसं पटतं. पण हप्ता स्वस्त होत जातो तो उत्पन्न महागाईबरोबर चढलं तरच. २०२२ मध्ये आमच्याकडे कापूस दहा हजारांच्या वर गेला आणि दोन वर्षांत सात हजारांच्या आसपास येऊन बसला. खत, फवारणी, वेचणीची मजुरी मात्र चढतच राहिली. ज्याचं उत्पन्न असं खाली-वर होतं त्याच्यासाठी १८ वर्षांनंतरचा हप्ता स्वस्त असेलच असं नाही.

वजावटीचं म्हणाल तर मी नवीन करपद्धतीत आहे, तिथे राहत्या घराच्या व्याजाची ती वजावट नाही. आणि जुन्या पद्धतीतही २० टक्क्यांच्या टप्प्यात १०० रुपये व्याज भरून वीस-एकवीस रुपये कर वाचतो. उरलेले जातातच. भाड्याचं म्हणाल तर आमच्या गावात भाड्यानं घर घेतं कोण? भाऊ आत्ता जुन्या मातीच्या घरात राहतो, ते भिंत खचेपर्यंत चालेल. म्हणजे त्याला थांबण्याचा पर्याय आहे, जो शहरातल्याला नसतो.

हिशेबनीस_अकोला
चंद्रपूरच्या दादांची एक गोष्ट मी उचलून धरतो: हातातला सगळा पैसा कर्जात ओतू नका. कर्जात गेलेला रुपया अडचणीत परत मिळत नाही. सहा महिन्यांचे हप्ते बाजूला ठेवा, मग जादा भरणा.

आणि कास्तकारांसाठी त्याहून महत्त्वाचं. पेरणीचे पैसे मोडून गृहकर्ज फेडू नका. पीककर्ज ३ लाखांपर्यंत वेळेत फेडलं तर केंद्राची सवलत आणि राज्याची डॉ. पंजाबराव देशमुख व्याज सवलत योजना मिळून ते शून्य टक्क्यानं पडतं. आधी ते वेळेत नवं-जुनं करा, म्हणजे जुनं फेडून नवं उचला. साडेआठ टक्क्यांचं कर्ज लवकर फेडलं आणि जूनमध्ये बियाण्यासाठी महिना तीन टक्क्यांनी सावकाराकडे गेलात, तर तीन टक्के महिन्याचे म्हणजे ३६ वर्षाचे. असं करणारी भली माणसं मी पाहिली आहेत. कर्जमुक्त होण्याची घाई त्यांना महागात पडली.

साइटवरचा
मी यवतमाळकडे घरांची कामं पाहतो. कर्जाची चर्चा चांगली चालली आहे, पण १५ लाख हा आकडा कुठून आला ते कोणीच विचारलं नाही.

आपल्याकडची काळी माती पावसात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते, आणि पाया घेऊन हलते. गवंडी चार फुटांवर थांबतो, मालक पैसे वाचले म्हणून खूश, आणि तिसऱ्या उन्हाळ्यात खिडकीच्या कोपऱ्यातून तिरकी भेग. मुरूम लागेपर्यंत खोदणं, किंवा तो फार खोल असेल तर अंडररीम्ड पाइल (खाली फुगीर केलेले काँक्रीटचे खांब) आणि वर बीम, हा खर्च एस्टिमेटमध्ये आधीच हवा. तो नसला की प्लिंथलाच, म्हणजे जोत्यालाच, पैसे संपतात. मग स्लॅबसाठी पर्सनल लोन, किंवा पतसंस्था, किंवा सोनं. म्हणजे घराचा सगळ्यात महाग पैसा हा अंदाज चुकल्यामुळे आलेला पैसा असतो.

दुसरं, बँक पैसे टप्प्यानं देते: पाया, लिंटेल, स्लॅब, गिलावा. काम चालू असताना उचललेल्या रकमेवर नुसतं व्याज लागतं, त्यातून मुद्दल उतरत नाही. १० लाख उचलून काम सहा महिने अडलं तर ४२,५०० रुपये हवेत गेले. आणि काम अडतंच. पावसाळ्यात रेती मिळत नाही, कापूस वेचायला लागला की मजूर मिळत नाही. म्हणून मी सांगतो, रेती-गिट्टी मे महिन्यातच आणून टाका आणि पाया पावसाआधी वर काढा.

लेक_पुसदची
भेगेचं अगदी खरं. आमच्या स्वयंपाकघराची भिंत दोनदा उकलून भरली. तो खर्चही घराच्याच किमतीत धरायला हवा.

गावठाणातला
गोंदियाकडून. आमच्या घराला फक्त ग्रामपंचायतीचा नमुना ८ आहे. त्यावर बँक कर्ज देत नाही म्हणून खासगी फायनान्सवाला १४ टक्क्यांनी देतो म्हणतो. काय करावं?

हिशेबनीस_अकोला
नमुना ८ कर आकारणीचा कागद आहे, मालकीचा नाही, म्हणून बँक मागे सरते. २०२० पासून स्वामित्व योजनेत गावठाणांची ड्रोननं मोजणी होऊन मिळकत पत्रिका आणि सनद मिळते आहे. तुमच्या गावाची मोजणी झाली असेल तर भूमी अभिलेख कार्यालयात जाऊन आधी ती काढा. १४ आणि ८.५ मधला फरक १५ लाखांवर २० वर्षांत हप्त्यामागे साडेपाच हजारांहून जास्त पडतो. त्यासाठी सहा महिने थांबणं परवडतं.

शाळा_दारव्हा
माझ्या कर्जाचं काय झालं ते बऱ्याच जणांनी व्यक्तिगत निरोपात विचारलं. १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेनं परिपत्रक काढलं: दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही, हे कर्जदाराला विचारायचं, आणि स्थिर दरावर जाण्याचाही पर्याय द्यायचा. ते छापून मी शाखेत गेलो. पहिल्या दिवशी "सिस्टिममध्ये होत नाही" म्हणाले. मी लेखी अर्ज दिला, पोच घेतली. तीन आठवड्यांनी हप्ता वाढला आणि मुदत मूळ ठिकाणी आली. २०२५ मध्ये रेपो फेब्रुवारी ते जूनमध्ये एक टक्का उतरला, तेव्हा "हप्ता कमी करून देऊ का" असा फोन आला. मी नको म्हणालो. हप्ता तोच ठेवला, मुदत आणखी घटली.

शाळा_दारव्हा (बारा दिवसांनी)
भावाचं ठरलं. साइटवरच्या दादांचं वाचून आम्ही तालुक्याच्या इंजिनिअरला जागेवर आणलं. मुरूम साडेसात फुटांवर लागला. वरचा मजला आत्ता नाही. खाली दोन खोल्या, स्वयंपाकघर, न्हाणी-संडास, आणि जिन्याची जागा सोडून ठेवायची. तुरीचे आणि बायकोच्या भविष्य निर्वाह निधीतले थोडे पैसे घालून कर्ज ९ लाख, १२ वर्षं. हप्ता ९,९९०. एकूण भरणा १४ लाख ३९ हजार, म्हणजे व्याज ५ लाख ३९ हजार. पहिल्या प्रस्तावात नुसतं व्याज १६ लाख २४ हजार होतं.

भाऊ दोन दिवस नाराज होता. त्याला दुमजली घर हवं होतं, पोरांसाठी वरची खोली हवी होती. तिसऱ्या दिवशी त्यानंच वहीत महिन्यावार रकाने आखले आणि फेब्रुवारीच्या रकान्यात लाल शाईनं "मुद्दल" लिहिलं.

हिशेबनीस_अकोला
फार चांगलं केलंत. एक काम विसरू नका. फेब्रुवारीत जादा पैसे भरताना नुसते खात्यात टाकू नका. "मुद्दलात जमा करावे, हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी" असं लेखी द्या, पोच घ्या, आणि पुढच्या महिन्यात नवीन परतफेड तक्ता मागून उरलेले हप्ते मोजा. आणि कर्ज संपेल तेव्हा मूळ कागद ३० दिवसांत परत मिळाले पाहिजेत. उशीर बँकेचा असेल तर दिवसाला ५ हजार भरपाई आहे, हेही वहीच्या शेवटच्या पानावर लिहून ठेवायला सांगा.

वरूडचा_कास्तकार
मी काल पतसंस्थेत गेलो. आज सगळं फेडलं तर किती, हे लिहून मांगतलं. त्यायनं आधी तोंडी आकडा सांगतला, मी म्हटलं कागदावर द्या. उद्या देतो म्हणाले. काका, कागद आला का इथंच टाकतो, पाहून सांगजा.

हिशेबनीस_अकोला
टाका भाऊ. खाते क्रमांक झाकून टाका. मी रात्री पाहतो.